आम्ही खाली सही करणारे

कायद्याचा मसुदा लिहिणाऱ्याला घाबरण्याचा पगार मिळतो, असं मी कचेरीत नव्याने आलेल्यांना सांगत असे. ते हसत. वर्षभराने तेच माणूस कॉफीच्या यंत्रापाशी भेटलं की हसत नसे. आमदाराच्या मनात जे असेल ते कागदावर उतरवायचं आणि उतरवलेल्या प्रत्येक ओळीने कुणाचं काय वाईट होईल याचा विचार करत बसायचं, एवढंच आमचं काम. नागपूरला एलएल.बी. करत होते तेव्हा कायदे कुणीतरी बसून लिहीत असेल हे मला सुचलंही नव्हतं. ते असतातच, असं वाटायचं. लग्न होऊन मिशिगनमध्ये ट्रॉयला आले. मोहन गाड्यांच्या कंपनीत लागला. मी संध्याकाळचे वर्ग करून इथली वकिलीची परीक्षा दिली आणि राज्याच्या राजधानीत, विधिमंडळासाठी मसुदे लिहिणाऱ्या कचेरीत चिकटले. घरापासून गाडीने दीड तास. हिवाळ्यात किती, ते त्या दिवशीच्या हवेला विचारायचं.

इथे प्रत्येक राज्याचं स्वतःचं विधिमंडळ असतं आणि त्यातल्या कुठल्याही आमदाराला वाटेल ते विधेयक मांडता येतं. एकदा एक वयस्कर आमदार आले. शेजारी यंत्राने आपल्या दारातला बर्फ उडवतो तो यांच्या दारात पडतो, याविरुद्ध त्यांना कायदा हवा होता. मी नेहमीसारखे प्रश्न विचारायला लागले. वाऱ्याने उडालेला बर्फ कुणाचा? नगरपालिकेच्या गाडीने ढकललेला? भाडेकरूने टाकला तर घरमालक जबाबदार का? म्हाताऱ्या बाईने पोराला सांगून टाकवला तर कुणी भरायचं? ते प्रत्येक खेपेला आणखी उतरलेला चेहरा घेऊन परत जात. शेवटी मी लांबलचक मसुदा तयार केला. तो त्यांनी चष्मा लावून वाचला आणि म्हणाले, "मला फक्त त्याने थांबावं एवढंच हवं होतं." नंतर ते शेजाऱ्याकडे जाऊन बोलले म्हणे. ते विधेयक कधी मांडलं गेलं नाही आणि माझ्या चांगल्या कामांत मी ते धरते.

आमच्या कचेरीच्या दोन गोष्टी बाहेरच्यांना पटत नाहीत. पहिली म्हणजे गुप्तता. कोण आमदार काय लिहून घेतोय हे दुसऱ्याला कळता कामा नये. सकाळी मी एकाचं विधेयक लिहायची आणि दुपारी त्याच विधेयकाला बुडवणारी दुरुस्ती त्याच्या विरोधकासाठी, आणि दोघांनाही माझ्या तोंडावरची रेघ हललेली दिसायची नाही. दुसरी म्हणजे कुणाचीच बाजू न घेणं. अंगणात उमेदवाराची पाटी नाही, गाडीवर स्टिकर नाही, कुठल्याही मोहिमेच्या कागदावर सही नाही. ट्रॉयच्या मराठी मंडळातल्या लोकांना हा शिष्टपणा वाटायचा. "वैजयंतीताई कायदे करतात, पण त्यांना मत नाही," असं कुणी तरी दर वर्षी म्हणायचंच.

कायदा होण्याचा दुसराही एक रस्ता आमच्या राज्यात आहे आणि जे सांगायचंय ते त्या रस्त्यावर घडलं. लोकांना स्वतः कायदा करता येतो. ज्यांना हवा त्यांनी तो लिहायचा, छापायचा आणि गावोगाव सह्या गोळा करायच्या. पुरेशा झाल्या की गठ्ठे राजधानीत दाखल होतात. सगळ्या सह्या कुणी तपासत नाही. चिठ्ठ्या काढाव्यात तशा काही ओळी निवडतात आणि त्या मतदार यादीशी ताडून बघतात. तेवढ्या ठीक निघाल्या तर कागद आधी विधिमंडळापुढे जातो. तिथे एक अक्षर न बदलता मंजूर करायचा किंवा नाकारायचा. हवं तर आपला पर्यायी कायदा शेजारी मांडायचा. बहुधा विधिमंडळ काहीच करत नाही, मुदत संपते आणि प्रश्न नोव्हेंबरच्या मतपत्रिकेवर येतो. मग लोक होय किंवा नाही सांगतात. सह्यांच्या प्रत्येक पानाच्या माथ्यावर एक वाक्य असतं: आम्ही खाली सही करणारे, पात्र आणि नोंदणीकृत मतदार, अमुक कायद्याची मागणी करतो. त्याच्याजवळ इशारा असतो, की मतदार नसताना जाणूनबुजून सही करणं कायद्याविरुद्ध आहे. पानाच्या तळाशी कागद फिरवणाऱ्याची सही असते, की या सगळ्या सह्या माझ्यासमोर झाल्या. हे सगळं मला पाठ होतं. ज्यांना पाठ असायला हवं ते कधी वाचत नाहीत.

नलूमावशी कुणाच्याच सख्ख्या मावशी नव्हत्या आणि ट्रॉयमधल्या सगळ्या मराठी घरांच्या मावशी होत्या. नवरा गेल्यावर सांगलीचा फ्लॅट विकून त्या मुलाकडे, राजूकडे, कायमच्या राहायला आल्या. राजू, सून आणि नात ईशा, एवढंच त्यांचं जग. मागे परत जायला घर उरलं नव्हतं. ग्रीन कार्ड होतं. सिटिझनशिपचा अर्ज गेला होता आणि इंटरव्ह्यूची वाट बघणं चालू होतं. सांगलीत त्या सह्यांसाठी प्रसिद्ध होत्या. नळाला पाणी नाही, सह्या. एसटीचा थांबा हलवला, सह्या. शाळेसमोर दारूचं दुकान, सह्या. कागद घेऊन दारोदार जायचं आणि सही घेतल्याशिवाय उंबरा सोडायचा नाही. नवरा कामावर असला तर बायकोने त्याचीही ठोकून द्यायची. निवेदन जाडजूड झालं की साहेब खुर्चीतून हलतो, हा त्यांचा अनुभव. त्या निवेदनावर सही करायला माणसाला तहान लागत असली की पुरे होतं.

२००४ सालचा पाडवा. शाळेच्या कॅफेटेरियात मंडळाचा कार्यक्रम होता आणि पार्किंगच्या कडेला काळवंडलेले बर्फाचे ढीग अजून वितळायचे होते. दाराशी हेलन बसली होती. ही ईशाच्या वाचनालयातली निवृत्त लायब्रेरियन, लहान मुलांना गोष्टी वाचून दाखवणारी. नलूमावशींनीच तिला जेवायला बोलावलं होतं. राज्याने वाचनालयांचा पैसा कापू नये असा कायदा लोकांकडून करून घ्यायची मोहीम त्या वर्षी चालू होती आणि हेलन तिचे कागद घेऊन आली होती. ते दिसताच मी श्रीखंडाच्या टेबलामागे गेले आणि तिथेच वाढत उभी राहिले. आमची रीतच ती.

पंगती उठल्यावर मावशी आल्या. चेहरा खुललेला.

"वैजू, तू सही नाही केलीस."

"मला चालत नाही मावशी. जॉबचा नियम आहे."

"बरं, नको करूस. पानंच्या पानं भरली. त्या हेलनला म्हटलं, यू सिट, यू ईट, मी फिरवते. बिचारी एकटी कुठे सगळ्यांकडे जाणार?"

माझ्या हातातला डाव श्रीखंडातच राहिला. "तुम्ही फिरवलात? आणि तुम्ही स्वतः पण..."

"पहिली माझीच. आपण नाही केली तर दुसरा कशाला करेल? देशपांड्यांचे आईवडील आलेत ना व्हिजिटला, त्यांनी केली. नाटकातल्या त्या युनिव्हर्सिटीच्या मुलांनी केली. लायब्ररीला कोण नाही म्हणेल?"

मी त्यांना हाताला धरून कोट टांगतात त्या बोळकंडीत नेलं. सांगितलं, की हे फक्त मतदारांसाठी असतं, आणि इथे मतदार म्हणजे सिटिझन.

"अगं, व्होट कुठे केलंय मी? सिग्नेचरच तर केली."

"वर लिहिलंय मावशी, की आम्ही मतदार आहोत."

"वर काहीबाही छापलेलं असतंच की."

मग मी ते सांगितलं जे सांगायचं नव्हतं. सिटिझनशिपच्या इंटरव्ह्यूला शपथ घालून विचारतात: तुम्ही कधी लेखी किंवा दुसऱ्या कुठल्या प्रकारे अमेरिकन नागरिक असल्याचा दावा केला आहे का? त्याचं उत्तर हो निघालं तर अर्ज नाकारला जाऊ शकतो, कधीकधी देशही सोडावा लागतो. मावशी कोटांच्या दांडीला धरून उभ्या राहिल्या. आतून मुलांच्या नाचाचं गाणं ऐकू येत होतं. "आणि बाकीच्यांचं?" त्यांनी विचारलं. तो प्रश्न त्यांना स्वतःच्या आधी सुचला हे मला तेव्हा जाणवलं नाही. मी दाराकडे धावले. हेलन सगळ्यांना नमस्कार करून कागदांसकट निघून गेली होती. पानांच्या तळाशी, सह्या आपल्यासमोर झाल्या असं लिहून, तिनेही सही केली असणार. म्हणजे तिलाही मावशींच्या आग्रहाचं जेवण महागात पडणार होतं.

दाखल होण्याआधी गोळा करणाऱ्याने एखादी ओळ खोडली तर ती मोजत नाहीत, एवढी एक आशा होती. पण मोहिमेच्या माणसांशी मी बोलणं बरोबर नव्हतं. शेवटी मावशींनीच स्वयंपाकघरातून फोन केला. ईशाने फोन स्पीकरवर टाकला आणि मी सिंकपाशी तोंडातून शब्द न काढता उभी राहिले.

"आजी, जस्ट टेल हर," ईशा म्हणाली. "शी इज नाइस."

मावशींनी आपल्या ताठ, पुस्तकी इंग्रजीत सगळं सांगितलं. पलीकडून हेलन म्हणाली, "नलू, चूक माझी आहे. मी जेवत बसायला नको होतं." दुसऱ्याच दिवशी ती मोहिमेच्या ऑफिसात गेली. कागद खोक्यांत गेले होते आणि खोकी एकावर एक रचलेली. तिथला माणूस म्हणाला, एकदा पानं काढायला लागलो तर थांबायचं कुठे? त्याचंही खोटं नव्हतं, प्रत्येक सही त्यांना हवी होती. हेलन हात हलवत परत आली आणि पुढे सगळे गठ्ठे दाखल झाले.

मग एक दिवस एका आमदाराचा साहाय्यक माझ्या टेबलापाशी आला. तरुण होता, टाय नीट बांधलेला. लोकांचा वाचनालयाचा कायदा विधिमंडळापुढे आलाच तर त्याला पर्याय म्हणून दुसरा, सौम्य कायदा तयार ठेवायचा होता.

"कदाचित लागणारही नाही," तो सहज म्हणाला. "आमची माणसं सह्यांची पानं चाळताहेत. ट्रॉयकडची काही पानं अशी आहेत, की एकही नाव उच्चारता येत नाही."

मग त्याची नजर माझ्या टेबलावरच्या नावाच्या पाटीवर गेली. कान लाल झाले. "मला तसं म्हणायचं नव्हतं," तो म्हणाला. मी विचारलं, "मसुदा कधीपर्यंत हवा?" आवाज मला माझा वाटला नाही.

तो गेल्यावर मी डेव्हकडे गेले. डेव्ह आमचा प्रमुख, फार बोलणारा नव्हे. ट्रॉयच्या त्या सह्या आमच्या कार्यक्रमाच्या हॉलमध्ये झाल्या, मी तिथे होते, मी हे लिहू नये, एवढंच सांगितलं. त्याने फाइल माझ्या हातातून घेऊन आपल्या खणात टाकली.

"त्या हॉलमध्ये तू जे पाहिलंस ते तुझं," तो म्हणाला. "इथे जे ऐकलंस ते आमदाराचं. पहिलं कुणालाही सांग. दुसरं नवऱ्यालाही नाही."

हे ऐकायला सोपं आहे. दीड तासाच्या रस्त्यावर मी त्या दोन गोष्टी वेगवेगळ्या ठेवायचा प्रयत्न करत असे, पण मिसळणाच्या डब्यात हळद तिखटात सांडते तशा त्या एकमेकींत मिसळत. कुणीतरी त्या पानांवर बोट ठेवून बसलंय आणि पहिल्या ओळीवर नलूमावशींचं सुवाच्य अक्षर आहे, पत्त्यासकट, हे मला सारखं दिसे. गाडी चालवताना दिसे, जेवताना दिसे. मोहन विचारायचा, "बरं नाही का?" मी म्हणायची, डोकं दुखतंय. मावशी भेटल्या की त्यांचा एकच प्रश्न, "तुझ्या ऑफिसात काही कळलं का गं?" मी नाही म्हणत असे. नोकरीत मी लांबलचक करांचे कायदे लिहिले, पण त्या एका शब्दाइतकं जड काही लिहिलं नाही.

मावशी स्वस्थ बसल्या नव्हत्या. ज्या ज्या घरची सही घेतली होती त्या घरी त्या गेल्या. राजू कामावरून आला की त्याला गाडी काढायला लावत आणि दारात उभं राहून सांगत, मी तुम्हाला चुकीच्या कागदावर सही करायला लावली, तुम्ही सिटिझन नसाल तर वकिलाला विचारून ठेवा. देशपांडेकाका म्हणाले, "काही होत नाही हो, इथे कोण बघतंय." एका घरात सुनेने दार अर्धंच उघडलं आणि आतल्या पडद्याकडे बघत ऐकून घेतलं. नागपूरचा एक विद्यार्थी, आमच्याकडे दर शनिवारी जेवायला येणारा, मला विचारत आला, "काकू, माझा व्हिसा जाईल का?" मी खरं सांगितलं, की मला माहीत नाही. त्याला मी 'काही होणार नाही' असं म्हणायला हवं होतं. तो नंतर शनिवारी यायचा बंद झाला. मावशींना मंडळात लोक अजून नमस्कार करत, पण गणपतीच्या वर्गणीसाठी त्या पुढे झाल्या तर दोघीतिघी पर्स शोधायच्या निमित्ताने दूर सरकल्या. ते मावशींनीही पाहिलं.

यथावकाश तपासणीसाठी ओळी निवडल्या गेल्या. पाडव्याच्या पानांतली एकच ओळ आली आणि ती निघाली मोहनची. नवऱ्याला माझ्या कचेरीचा नियम लागू नव्हता आणि त्याने मला सांगितलंही नव्हतं. तो सिटिझन, नोंदणी झालेला, सही जुळणारी. मला एकाच वेळी हसू आलं आणि रागही आला. एकूण सह्या पुरेशा ठरल्या. परक्या नावांचा मुद्दा विरोधकांनी पुढे केला नाही. का, ते मला आजही माहीत नाही. मावशींची ओळ खोक्यात झाकलेलीच राहिली.

राजूने सुटकेचा श्वास सोडला. पण इंटरव्ह्यूचं पत्र आलं होतं. अर्जात त्या प्रश्नापुढे 'नाही' लिहिलं होतं, आणि ते लिहिताना ते खरं होतं, कारण अर्ज पाडव्याच्या आधीचा. आता अधिकारी शपथ घालून तेच प्रश्न पुन्हा विचारणार. वकिलाने सांगितलं, की बोलण्यातही धोका आहे आणि न बोलण्यातही, ठरवायचं तुम्हीच. रविवारी मावशींनी मला बोलावून घेतलं. जेवणाच्या टेबलाशी राजू बसला होता.

"आई, कोणाला कळणार आहे?" तो म्हणाला. "पेपर बॉक्समध्ये पडलाय. यू जस्ट से नो. मॅटर क्लोज्ड."

मावशी माझ्याकडे वळल्या. "तू कायदे लिहितेस. तो दावा होतो का?"

"होतो असंही लिहिता येईल आणि नाही असंही," मी म्हटलं.

"ते झालं. पण तुला काय वाटतं?"

मला काय वाटतं हे कुणी विचारायची सवयच राहिली नव्हती. आमच्या कामात वाटण्याला जागा नसते. मी म्हणाले, "सांगून टाका मावशी."

राजूने खुर्ची मागे सारली. "ताई, तुमचं काय जातंय?"

तो बरोबर होता. माझं काहीच जात नव्हतं. घरी येताना मी दोनदा चुकीच्या वळणावर गेले.

इंटरव्ह्यूच्या दिवशी मी रजा काढली. राजू आणि मी बाहेरच्या खुर्च्यांवर, मध्ये एक खुर्ची सोडून बसलो. तो माझ्याशी बोलत नव्हता. दर वेळी दार उघडलं की आम्ही दोघंही उठत होतो आणि दुसऱ्याच कुणाचं नाव पुकारलं जात होतं. मावशी बाहेर आल्या तेव्हा पदर डोक्यावरून घेतलेला होता. तशा त्या कधी घेत नसत.

"सांगितलं," त्या म्हणाल्या. "म्हटलं, नो लिहिलं तेव्हा नो होतं. नंतर लायब्ररीसाठी एका कागदावर सही केली. मला वाटलं आमच्या गावासारखंच असेल. साहेबाने विचारलं, तुमच्या गावात कसं असतं? मग नळाचं सांगितलं. ऐकलं त्याने सगळं. मग बराच वेळ लिहीत बसला."

हातात एक छापील चिठ्ठी होती. निर्णय आज देता येत नाही, एवढंच तिच्यावर होतं.

पुढचे महिने त्या चिठ्ठीचे होते. पोस्टमनची गाडी दिसली की मावशी खिडकीपाशी जात आणि पत्रपेटी उघडायला मात्र ईशाला पाठवत. गणपतीत त्यांनी ईशाला मोदक वळायला बसवलं. पोरगी कंटाळून म्हणाली, "आजी, यू मेक देम सो मच बेटर." त्यावर त्या म्हणाल्या, "पुढच्या वर्षी मी असेन-नसेन, शीक." ईशाला ते वयाचं बोलणं वाटलं. मला आणि तिच्या आईला काय ते कळलं आणि आम्ही सारण ढवळत राहिलो. मी सल्ला दिला नसता तर हे सगळं एव्हाना संपलं असतं, हा विचार त्या दिवसांत माझ्या उशाशीच असे. राजू मला फोन करत नव्हता आणि मी त्याला दोष देत नव्हते.

विधिमंडळाने वाचनालयाच्या कायद्याचं काहीच केलं नाही. मुदत संपली, प्रश्न मतपत्रिकेवर गेला आणि नोव्हेंबरमध्ये लोकांनी होय म्हटलं. दुसऱ्या दिवशी मावशींचा फोन आला. "झालं का गं ते?" "झालं." "बरं झालं," त्या म्हणाल्या आणि लगेच भाजीचा विषय काढला. हेलनने त्या संध्याकाळी त्यांच्या दारात घरी भाजलेला ॲपल पाय ठेवला, बेल न वाजवता.

मंजुरीचं पत्र वसंतात आलं. काही टिप्पणी नाही, काही समज नाही, फक्त शपथेला कुठे आणि कधी यायचं ते. राजूने मला स्वतः फोन केला. म्हणाला, "ताई, तुम्ही पण चला."

डेट्रॉइटला मोठ्या दालनात शपथ झाली. निरनिराळ्या देशांची माणसं, काहींच्या कडेवर मुलं, सगळ्यांचे हात वर. मावशींनी हिरवी पैठणी नेसली होती आणि त्यांचा हात सर्वांत सरळ होता. मी डोळे पुसले, राजूने कॅमेऱ्याआड तोंड लपवलं. बाहेर पडलो तर दाराशीच टेबल मांडून काही स्वयंसेवक उभे होते, नवीन नागरिकांची तिथल्या तिथे मतदार म्हणून नोंदणी करून घेत होते. एक हसतमुख मुलगी पुढे आली. अभिनंदन म्हणाली आणि तिने मावशींपुढे फॉर्म आणि पेन धरलं.

मावशींनी दोन्ही हात पदराखाली घेतले.

"मावशी, आता करा," मी म्हटलं. "आता तुमचाच हक्क आहे."

"माहीत आहे गं. आधी वाचून दाखव. वरचं, खालचं, बारीक असेल ते सगळं."

मी वाचलं. इंग्रजीत एक वाक्य, मराठीत एक वाक्य. मी अमेरिकेची नागरिक आहे. माझं वय पूर्ण आहे. वर दिलेली माहिती खरी आहे, खोटी असल्यास मी शिक्षेस पात्र आहे. मागे रांग वाढत होती, मुलगी हसतच होती. शिक्षेच्या वाक्यापाशी मावशींनी मला पुन्हा वाचायला लावलं.

"हे तू लिहिलंस का?"

"नाही मावशी."

"पण असंच लिहिता ना तुम्ही?"

मी हो म्हटलं. लबाडाला भीती वाटावी म्हणून तसं लिहितो, असं मला पुढे म्हणायचं होतं. मावशींच्या तोंडाकडे बघून ते म्हणता आलं नाही.

त्यांनी फॉर्म घेतला, नीट चार घड्या घातल्या आणि पर्समध्ये ठेवला. पेन त्या मुलीला परत केलं.

"आज नको," त्या म्हणाल्या. "घरी जाऊन राजूला विचारते."

राजू त्यांच्या शेजारीच उभा होता.